राजाच्या उशाशी

फारिनेल्लीवरचा चित्रपट १९९४ साली निघाला. दिग्दर्शक जेरार कोर्बिओ. मी तो दोनेक वर्षांनी एका फिल्म सोसायटीच्या खेळाला पाहिला. तेव्हा मी बँकेत होतो. शनिवारचा अर्धा दिवस संपवून, जेवणाच्या डब्याची पिशवी मांडीवर घेऊन बसलो होतो. चित्रपटात ऐकू येणारा आवाज कुणा एकाचा नाही. एका पुरुष गायकाचा आणि एका स्त्री गायिकेचा असे दोन आवाज पॅरिसच्या प्रयोगशाळेत संगणकावर एकमेकांत मिसळून तो तयार केला होता, कारण तसा गळा आज कुणाजवळच नाही. बाकी चित्रपटात इतिहास कमी आणि शयनगृह जास्त. पण घरी येताना माझ्या डोक्यात घोळत राहिला तो एक अगदी बँकेतला प्रश्न. त्या कागदावर सही कुणाची होती?

अगदी लहान मुलाचे खाते उघडायचे तर पालकाची सही लागते. त्याच्या नावावरचे घर किंवा जमीन विकायची तर तीही पुरत नाही, न्यायालयाची परवानगी आणावी लागते. माझ्या नोकरीच्या सुरुवातीच्या वर्षांत एक तरुण आपल्या धाकट्या भावाची मुदत ठेव मोडायला आला होता. वडील नुकतेच गेलेले, घरात अडचण. कागद पुरे नव्हते म्हणून मी त्याला परत पाठवला. त्याने माझ्या नावाने भर काउंटरवर उद्धार केला, आणि खरे सांगायचे तर त्याची अडचण खोटी नव्हती. फारिनेल्लीच्या थोरल्या भावाविषयी वाचताना मला दर वेळी तो तरुण आठवतो.

कार्लो ब्रोस्की हे फारिनेल्लीचे खरे नाव. जन्म २४ जानेवारी १७०५, दक्षिण इटलीतल्या आंद्रिया गावी. हा भाग तेव्हा नेपल्सच्या राज्यात मोडत असे. वडील साल्वातोरे संगीतातले जाणकार, चर्चमध्ये गायनवृंद सांभाळणारे. काही वर्षे लहानसहान गावांचा कारभारही त्यांनी पाहिला. घर अगदी गरीब म्हणावे असे नव्हते, आणि ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. पुढे कुटुंब नेपल्सला आले. थोरला रिकार्दो तिथल्या संगीतशाळेत रचनाकार होण्यासाठी शिकू लागला. १७१७ च्या नोव्हेंबरात वडील ऐन छत्तिशीत वारले. रिकार्दो तेव्हा एकोणीस वर्षांचा, कार्लो बारा.

मुलगा वयात येण्याआधी त्याला खच्ची केले तर त्याचा आवाज फुटत नाही. स्वरयंत्र लहान मुलाचेच राहते, पण छाती आणि फुप्फुसे मात्र पुरुषाची होतात. हाडांना वाढ थांबवण्याचा इशारा वेळेवर मिळत नाही, म्हणून हातपाय लांबत जातात. असा उंच, लांब हाताचा, मुलाच्या गळ्याचा आणि प्रचंड दमसासाचा माणूस म्हणजे कास्त्रातो. इटलीत सतराव्या-अठराव्या शतकांत असे शेकडो गायक घडवले गेले. चर्चमध्ये गायला बायकांना बंदी, रोमच्या रंगभूमीवरही बंदी. मग उंच स्वर कोण गाणार? हे कृत्य कायद्याने आणि धर्माने गुन्हा होते, आणि तेच धर्मपीठ आपल्या गायनवृंदांत या गायकांना पगार देऊन ठेवत होते. त्यामुळे प्रत्येक कुटुंबाजवळ एक कारण तयार असे. कुणाला रानडुकराने जखमी केलेले, कुणी झाडावरून पडलेला. ब्रोस्की कुटुंबाने घोड्यावरून पडल्याचे सांगितले. वडिलांच्या मृत्यूनंतर घर चालवण्याचा प्रश्न उभा राहिला तेव्हा हे झाले असावे, असे बऱ्याच अभ्यासकांना वाटते. कागद अर्थातच नाही. असे कागद कुणी करीत नसते.

अशी बहुसंख्य मुले पुढे कुठेच पोचली नाहीत. आवाज बेताचा निघाला की एखाद्या गावच्या चर्चमध्ये कोपऱ्यात उभे राहून आयुष्य काढायचे. कार्लोचा आवाज मात्र बेताचा निघाला नाही. त्याला निकोला पोर्पोरासारखा गुरू मिळाला. पोर्पोरा कडक, आणि त्याची तालीम आपल्याकडच्या जुन्या उस्तादांच्या जातीची. १७२० मध्ये नेपल्सला पोर्पोराच्या एका संगीतिकेत पंधरा वर्षांचा कार्लो प्रथम गायला. तिचे शब्द लिहिणारा बावीस वर्षांचा कवीही तितकाच नवखा होता. तो पुढे मेतास्तासिओ या नावाने युरोपभर गाजला. दोघांचे पदार्पण एकाच दिवशी झाले म्हणून ते जन्मभर एकमेकांना जुळा भाऊ म्हणत राहिले. फारिनेल्ली हे नाव बहुधा नेपल्समधल्या फारिना नावाच्या आश्रयदात्या वकील बंधूंवरून आले.

पहिली काही वर्षे त्याने रोममध्ये स्त्रीभूमिका केल्या. १७२३ मध्ये पोर्पोराच्या ‘आदेलाइदे’त तो नायिका होता. पिएर लेओने गेत्सी या चित्रकाराने काढलेले त्या काळातले त्याचे एक व्यंगचित्र आहे: झगा घातलेला, काटकुळा, लांबच लांब. बालगंधर्वांच्या भूमिकांवर वाढलेल्या आपल्या लोकांना यात काही वावगे वाटू नये. रंगभूमीवर बायका येऊ शकत नाहीत तिथे पुरुष लुगडे नेसतो, आणि प्रेक्षक तेवढ्या वेळापुरते सगळे विसरतात. फरक इतकाच की बालगंधर्व शालू उतरवून घरी जाऊ शकत होते.

रोममधलीच १७२२ ची एक कथा त्याच्या प्रत्येक चरित्रात असते. एका गाण्यात साथीला तुतारी होती, आणि रोज रात्री गायक आणि तुतारीवाला यांची चढाओढ लागे. दोघेही एकच स्वर हळू धरून फुगवत नेत, मग त्यावर कंप घेत. एका रात्री दोघेही थकलेले दिसले, तुतारीवाला थांबला, प्रेक्षकांना वाटले संपले. फारिनेल्ली हसला आणि त्याच श्वासात पुन्हा वर चढून ताना घेऊ लागला. टाळ्यांनी त्याला थांबवावे लागले. दम हीच त्याची दौलत होती. सुमारे तीन सप्तकांत तो फिरे, आणि एक स्वर इतका वेळ धरून ठेवी की लोकांना त्याने कुठेतरी वाद्य लपवले असल्याची शंका येई.

या दिग्विजयात दोन ठिकाणी तो थांबला, आणि माझ्या मते त्याचे मोठेपण तिथे आहे. १७२७ मध्ये बोलोन्याला त्याच्याहून वीस वर्षांनी मोठा कास्त्रातो बर्नाक्की त्याच्यासमोर आला. फारिनेल्लीने आपला सगळा साठा मोकळा केला. बर्नाक्कीने त्याच ताना जशाच्या तशा उचलल्या आणि अधिक नेटक्या करून परत दिल्या. हरल्याचे मान्य करून फारिनेल्ली त्याच्याकडे शिकायला बसला. दुसरा प्रसंग व्हिएन्नाचा, १७३१ च्या सुमाराचा. सम्राट सहावा चार्ल्स स्वतः संगीत जाणणारा होता. त्याने फारिनेल्लीला समजावले की तू लोकांना थक्क करतोस, पण हेलावून सोडत नाहीस. जरा साध्या वाटेने चाल. एका राजाने गवयाला असा सल्ला द्यावा आणि तिशीच्या आत जग जिंकलेल्या गवयाने तो मनावर घ्यावा, हे दोन्ही दुर्मीळ. त्यानंतर त्याच्या गाण्यात करुण रस आला असे तो स्वतःच म्हातारपणी सांगत असे.

१७३४ मध्ये तो लंडनला गेला. तिथे दोन ऑपेरा कंपन्यांचे युद्ध पेटले होते. एका बाजूला हँडेल; दुसऱ्या बाजूला त्याच्यावर रुसलेल्या सरदारांनी काढलेली कंपनी, तिचा रचनाकार पोर्पोरा. हँडेलने १७२९ मध्ये इटलीत येऊन फारिनेल्लीला मिळवायचा प्रयत्न केला होता, पण जमले नव्हते. आता गुरूने बोलावले आणि शिष्य आला. ‘आर्तासेर्से’ या ऑपेरात तो उभा राहिला. त्यात त्याच्या भावाने, रिकार्दोने, खास त्याच्यासाठी रचलेले एक गाणे होते, वादळात सापडलेल्या जहाजाचे. त्याच्याबरोबर गाणारा सेनेसिनो हा दुसरा थोर कास्त्रातो. तो क्रूर राजाच्या भूमिकेत होता आणि फारिनेल्ली साखळदंडातल्या कैद्याच्या. कैद्याचे पहिलेच गाणे ऐकून राजा आपली भूमिका विसरला, धावत आला आणि त्याने कैद्याला मिठी मारली. एका बाईने तर भर थिएटरात त्याला देवाच्या पंक्तीत नेऊन बसवले. हे खूळ होगार्थने १७३५ च्या आपल्या चित्रमालेत टिपून ठेवले आहे. पगार, बक्षिसे, भेटी मिळून त्याची कमाई वर्षाला ५००० पौंडांच्या घरात गेल्याचे बोलले जाई.

पण बाजार तो बाजार. दोन-तीन हंगामांत लोकांना तेही जुने झाले. थिएटर रिकामे दिसू लागले, १७३७ मध्ये सरदारांची कंपनी बुडाली, आणि हँडेलचाही कारभार त्याच सुमारास खिळखिळा झाला. एका शहरात दोन कंपन्या चालत नाहीत हे आपल्या नाटकवाल्यांनाही पुढे कळलेच. त्या उन्हाळ्यात फारिनेल्ली थोड्या दिवसांसाठी म्हणून पॅरिसमार्गे स्पेनला गेला. लंडनला परत यायचे ठरलेले होते. तो परत आला नाही. बत्तिसाव्या वर्षानंतर कुठल्याही सार्वजनिक रंगमंचावर तो पुन्हा कधीच गायला नाही.

माद्रिदच्या गादीवर पाचवा फिलिप होता, फ्रान्सच्या चौदाव्या लुईचा नातू. आज आपण ज्याला नैराश्य म्हणतो त्याने हा माणूस वर्षानुवर्षे पोखरला होता. दिवसदिवस अंथरुणातून उठायचा नाही, अंघोळ नाही, दाढी नाही, नखे काढू द्यायचा नाही. रात्रीचा दिवस आणि दिवसाची रात्र. राज्याचे कागद सहीवाचून पडून. राणी एलिझाबेथ फार्नेसे इटलीची. तिने फारिनेल्लीला बोलावले आणि राजाच्या शेजारच्या दालनात गायला लावले. कथा अशी की राजाने कान टवकारले, गवयाला आत बोलावले आणि हवे ते माग म्हणाला. फारिनेल्लीने मागितले ते एवढेच, की महाराजांनी उठावे, दाढी करावी आणि मंत्र्यांच्या बैठकीला जावे. राजा उठला.

१७३७ च्या ऑगस्टअखेर त्याला राजाचा खासगी सेवक म्हणून नेमल्याचा हुकूम निघाला. पगार जवळजवळ लंडनइतकाच, शिवाय गाडी-घोडे आणि राहायला जागा. आमच्या पिढीच्या मध्यमवर्गीय माणसाला हे चटकन उमजेल: त्याने धंदा सोडून नोकरी धरली. त्याचे चरित्रकार इथे हळहळतात, युरोपचा सर्वांत मोठा गायक सोन्याच्या पिंजऱ्यात गेला म्हणतात. मला तसे वाटत नाही. बाराव्या वर्षापासून जो दुसऱ्यांच्या हिशेबात जमा होत आला, त्याने प्रथमच स्वतःची सही स्वतः केली असे मी समजतो.

मात्र नोकरी सोपी नव्हती. रोज रात्री राजासमोर गायचे. चार्ल्स बर्नी या इंग्रज संगीतज्ञाला फारिनेल्लीने म्हातारपणी सांगितले ते असे, की राजा मरेपर्यंत त्याने रोज तीच चार गाणी गायली. त्यांत फिकट पडणाऱ्या सूर्याचे एक होते, निरोपाच्या मिठीचे एक, आणि एक बुलबुलाचे. मी सवयीने हिशेब केला. १७३७ च्या ऑगस्टपासून १७४६ च्या जुलैत राजा वारला तोवर सुमारे ३२४० रात्री होतात. चाराने गुणले तर तेरा हजारांच्या जवळ. इंग्रज राजदूताने कळवले आहे की गाणे संपले की राजा तेच गाणे स्वतः ओरडून म्हणू लागे, आणि ते ओरडणे इतके भयंकर असे की बाहेरच्यांच्या कानी पडू नये म्हणून धडपड करावी लागे. राजासमोर त्या वेळी काय चेहरा ठेवायचा, हे त्या हजारो रात्रींत फारिनेल्लीला शिकावे लागले असेल.

इथे थोडे घरचे सांगतो. १९८८ मध्ये माझ्या वडिलांना अर्धांगवायूचा झटका आला. बोलणे गेले, डावा हात उरला. त्या हाताने ते रोज दिवेलागणीला कपाटावरच्या टेपकडे बोट दाखवीत. मी बालगंधर्वांची कॅसेट लावायची, आणि तीही सगळी नाही. दुसऱ्या बाजूचे एकच पद. संपले की पुन्हा बोट. टेपचे बटण बिघडले तेव्हा मी कॅसेटमध्ये पेन्सिल घालून ती फिरवत मागे नेई. नेमकी जागा बोटांना पाठ झाली होती. हे सात महिने चालले. पहिल्या महिन्यात मला भरून येई. तिसऱ्या महिन्यात मी ते पद लावून स्वयंपाकघरात जाऊन बसू लागलो. शेवटी शेवटी मला त्या पदाचा संताप येई, त्या बोटाचाही येई, आणि मग त्या संतापाची लाज वाटे. वडील गेल्यावर बारा वर्षे मी ती कॅसेट लावली नाही. टेपला कंटाळा येत नाही. फारिनेल्ली हाडामांसाचा होता.

त्याने काउंट पेपोली या बोलोन्यातल्या मित्राला लिहिलेली पत्रे आता छापली गेली आहेत. त्यांतल्या १७३८ च्या पत्रात वेगळेच निघते. गाणी चार नव्हेत, रोज आठ-नऊ, आणि विश्रांतीचे नाव नाही. म्हणजे बर्नीला सांगितलेली ती प्रसिद्ध चार गाणी ही वयाने कोरून काढलेली गोष्ट असणार. मी तिला खोटे म्हणणार नाही. माझ्या वडिलांनी त्या सात महिन्यांत कधीमधी दुसरे पदही ऐकले असेल. मला एकच आठवते.

फिलिपनंतर सहावा फर्डिनांड आला. तोही उदास प्रकृतीचा, पण त्याची राणी बार्बरा संगीतात बुडालेली, थोर रचनाकार डोमेनिको स्कार्लात्तीची शिष्या. आता फारिनेल्लीकडे राजवाड्यातल्या ऑपेराचा सगळा कारभार आला. इटलीहून गायक आणणे, व्हिएन्नाहून मेतास्तासिओकडून संहिता मागवणे, नेपथ्य, दिवे, पोशाख. अरांहुएसला ताहो नदीत त्याने राजा-राणीच्या जलविहारासाठी सजवलेल्या नौकांचा ताफाच उभा केला. संध्याकाळी नौकेत तो गाई आणि राणी साथ करी. १७५० मध्ये त्याला कालात्रावा हा सरदारी किताब मिळाला. पंतप्रधानाइतके वजन असूनही त्याने कुणाचे वाईट केल्याची नोंद नाही, आणि दरबाराच्या इतिहासात हे विरळाच. एक शिंपी त्याचा दरबारी पोशाख घेऊन आला. मजुरी नको, एक गाणे ऐकवा म्हणाला. फारिनेल्ली आधी नाही म्हणत होता, मग त्या एका माणसापुढे मनापासून गायला, आणि नंतर त्याने मजुरीच्या जवळजवळ दुप्पट पैसे त्याच्या हातावर ठेवले. शिंप्याने गाणे घेतले आहे, तर त्यानेही आता आपले ऐकून पैसे घ्यावेत, असा त्याचा युक्तिवाद.

रिकार्दोही अखेर धाकट्याच्याच आधाराला माद्रिदला राहिला आणि १७५६ मध्ये तिथेच वारला. रचनाकार म्हणून आज त्याचे नाव घेतले जाते ते भावाच्या गळ्यासाठी लिहिलेल्या चार-दोन गाण्यांमुळे. दोघांत त्या जुन्या गोष्टीबद्दल कधी शब्द निघाला का, कोण जाणे.

१७५८ मध्ये बार्बरा गेली. त्या दुःखात फर्डिनांडचे मन पार ढासळले, आणि या वेळी गाण्याचा उपयोग झाला नाही. वर्षभराने तोही वारला. नवा राजा तिसरा चार्ल्स. त्याला संगीताची आवड नव्हती. खच्ची केलेले कोंबडे आपल्याला ताटातच बरे वाटतात, असा टोमणा त्याने मारल्याची आख्यायिका आहे. पण पेन्शन त्याने बंद केली नाही, हेही लिहिले पाहिजे. बावीस वर्षांच्या नोकरीनंतर फारिनेल्ली बोलोन्याजवळच्या आपल्या घरी परतला.

तिथे तो आणखी दोन दशके जगला. भिंतींवर राजेलोकांची चित्रे, दिवाणखान्यात बार्बराने मृत्युपत्राने दिलेली वाद्ये. आपल्या वाद्यांना त्याने चित्रकारांची नावे ठेवली होती: एक राफाएल, एक कोरेज्जो, एक तिशियन. १७७० मध्ये बर्नी आला, त्याच वर्षी चौदा वर्षांच्या मोझार्टला घेऊन त्याचे वडीलही आले. बापाने हाताला धरून गावोगाव फिरवलेले ते असामान्य पोर समोर बघून म्हाताऱ्याच्या मनात काय आले असेल, याची मी कादंबरीकार असूनही कल्पना करू धजत नाही. व्हिएन्नातल्या जुळ्या भावाशी पत्रव्यवहार अखेरपर्यंत चालला. १७८२ च्या एप्रिलमध्ये मेतास्तासिओ गेला. १६ सप्टेंबरला फारिनेल्ली. वय सत्त्याहत्तर.

ज्या मठात त्याला पुरले तो नेपोलियनच्या धामधुमीत उद्ध्वस्त झाला. १८१० मध्ये त्याच्या भाच्याच्या मुलीने अस्थी उचलून बोलोन्याच्या चेर्तोझा दफनभूमीत आणल्या. घर १९४९ मध्ये पाडले गेले. वाद्ये पांगली. आवाज तर ध्वनिमुद्रणाच्या शंभर वर्षे आधीच संपलेला. कास्त्रातोचा खरा आवाज ऐकायचा तर व्हॅटिकनच्या आलेस्सांद्रो मोरेस्कीच्या १९०२ आणि १९०४ च्या खरखरत्या तबकड्या तेवढ्या आहेत, आणि त्या फारिनेल्लीच्या नव्हेत.

२००६ च्या जुलैमध्ये शास्त्रज्ञांनी ती कबर उघडली. हाडे ठिसूळ झालेली आणि तुटकी होती, पण हातापायांची हाडे लांब होती हे स्पष्ट दिसले. मुलांच्या हाडांच्या टोकांशी वाढीची एक रेघ असते. मोठे होताना ती बुजून जाते. सत्त्याहत्तराव्या वर्षी वारलेल्या या माणसाच्या हाडांवर ती रेघ अजून होती.